साक्षी आणि साक्षीदार : किश्लोव्स्कीच्या चित्रपटकारकीर्दीतील एका वळणाचा विचार

१

कलाकृती आणि वास्तव यांच्या संबंधाची चर्चा आपण बहुधा सत्यतेच्या निकषावर करतो. कलावंताने दाखवले ते खरे आहे काय, पुरेसे आहे काय, त्याची निवड एकांगी आहे काय, हे प्रश्न वास्तववादाच्या चर्चेत पुन्हा पुन्हा येतात. ज्याचे जीवन दाखवले गेले त्याचे पुढे काय झाले आणि ते दाखवण्याचा अधिकार कलावंताला कोणी दिला, हा प्रश्न मात्र शिष्टाचाराचा किंवा फार तर कायद्याचा मानून समीक्षेच्या कक्षेबाहेर ठेवला जातो. पोलिश दिग्दर्शक आणि पटकथाकार क्शिश्तोफ किश्लोव्स्की (१९४१–१९९६) याच्या कारकीर्दीत हा बाहेर ठेवलेला प्रश्नच केंद्रस्थानी आला. त्यानेच त्याच्या कलाप्रकाराची निवड ठरवली. म्हणून ही कारकीर्द केवळ चित्रपटाच्या इतिहासाचा विषय राहत नाही. प्रतिरूपणाच्या सिद्धांताशीही तिचा निकटचा संबंध आहे.

ह्या कारकीर्दीचे रूढ वर्णन असे केले जाते : १९६६ ते १९८० ह्या काळात लघु अनुबोधपट, त्यांच्या जोडीने १९७३पासून काही कथापट, १९८१नंतर जवळजवळ केवळ कथापट, त्यांत दूरचित्रवाणीसाठी केलेली 'डेकालोग' ही दहा भागांची मालिका, आणि अखेरीस 'व्हेरोनिकचे दुहेरी जीवन' (१९९१) व 'तीन रंग' ही चित्रपटत्रयी (१९९३–९४). ह्या वर्णनात समाजाकडून व्यक्तीकडे, वास्तवाकडून अध्यात्माकडे अशी एक सरळ रेषा गृहीत धरलेली असते. कोणी तिला परिपक्वता म्हणतात, कोणी पलायन. मूल्यनिर्णय परस्परविरोधी असले तरी गृहीतक एकच आहे : अनुबोधपट सोडणे म्हणजे वास्तव सोडणे. हे गृहीतक तपासून पाहावे, हा प्रस्तुत निबंधाचा हेतू आहे. किश्लोव्स्कीने अनुबोधपट सोडला तो वास्तवाचे महत्त्व कमी वाटू लागले म्हणून नव्हे, तर वास्तवातील माणसांविषयीचे उत्तरदायित्व त्या प्रकारात पेलता येईना म्हणून. आणि सोडलेला अनुबोधपट पुढे त्याच्या कथापटांत विषय होऊन परत आला, असे येथे प्रतिपादन करावयाचे आहे.

ह्या विवेचनासाठी मराठीतील दोन शब्दांमधला भेद उपयोगी पडतो. 'साक्षी' म्हणजे पाहणारा, पण पाहण्यात न गुंतणारा. सांख्यांचा पुरुष ह्या अर्थाने साक्षी असतो. 'साक्षीदार' हा शब्द न्यायालयातला आहे. त्याचे पाहणे कोणाच्या तरी बाजूने किंवा विरुद्ध वापरले जाते. त्याने काय पाहिले ह्यावर दुसऱ्याचे भवितव्य ठरते. किश्लोव्स्कीला कॅमेऱ्याने साक्षी व्हावे असे वाटत होते. ज्या राज्यव्यवस्थेत तो काम करीत होता तिने कॅमेऱ्याला पुन्हा पुन्हा साक्षीदार केले.

२

किश्लोव्स्कीचा जन्म २७ जून १९४१ रोजी जर्मनव्याप्त वॉर्सात झाला. वडील अभियंता होते आणि क्षयरोगी होते. त्यांच्या उपचारांसाठी कुटुंब एका आरोग्यधामाच्या गावाहून दुसऱ्या गावाला हलत राहिले. खालच्या सायलीशियातील सोकोवॉव्स्को हे त्यांतले एक. अग्निशामकांच्या शाळेत काही महिने काढून तो बाहेर पडला, नंतर वॉर्सातील नाट्यतंत्राच्या विद्यालयात शिकला, आणि लोड्झच्या चित्रपटविद्यालयाने दोनदा नाकारल्यावर तिसऱ्या प्रयत्नात, १९६४ साली, तेथे दाखल झाला. हा तपशील केवळ चरित्राचा नाही. सोकोवॉव्स्कोच्या क्षयरोग्यांवर त्याने 'क्ष-किरण' (१९७४) हा अनुबोधपट केला आणि रंगभूमीच्या पडद्यामागील जगावर 'पेर्सोनेल' म्हणजे 'कर्मचारीवर्ग' (१९७५) हा कथापट. जे स्वतः जवळून पाहिले त्यापासून सुरुवात करण्याची त्याची वृत्ती दोन्ही प्रकारांत समान होती.

लोड्झचे विद्यालय १९४८ साली स्थापन झाले. आंझेई मुंक, आंझेई वायदा, रोमान पोलान्स्की हे तेथलेच. मुंक आणि वायदा यांच्या पिढीने युद्ध, उठाव आणि पराभव यांना पडद्यावर रूप दिले. तिचा संवाद राष्ट्रीय इतिहासाशी आणि पोलिश रोमँटिक परंपरेशी होता. किश्लोव्स्कीच्या पिढीची गरज निराळी होती. तिला आपला वर्तमानकाळच कोठे दिसत नव्हता. तिचा आदर्श काझिमिएश काराबाश हा अध्यापक-दिग्दर्शक होता. त्याच्या 'वादक' (१९६०) ह्या छोट्या अनुबोधपटात ट्रॅम-कामगारांचे वाद्यवृंदपथक सराव करताना दिसते; निवेदन नाही, भाष्य नाही, केवळ धीराने पाहणे आहे. वास्तवातील घटनांच्या अंगीच नाट्य असते, ते बाहेरून रचण्याची गरज नाही, ही किश्लोव्स्कीने आपल्या पदविका-प्रबंधात मांडलेली भूमिका ह्याच संस्कारातून आली. ह्याच काळात, मार्च १९६८मध्ये, विद्यार्थ्यांची चळवळ दडपली गेली, ज्यूविरोधी मोहीम राबवली गेली आणि विद्यालयाचे रेक्टर यर्झी टोप्लिट्झ यांना पद सोडावे लागले. पाहण्याचे शिक्षण आणि पाहण्याची शिक्षा ह्या दोहोंचा परिचय ह्या पिढीला एकाच वास्तूत झाला.

केवळ वर्णन करणे ही राजकीय कृती कशी ठरते, हे समजण्यासाठी त्या व्यवस्थेचे स्वरूप ध्यानात घ्यावे लागते. वृत्तपत्रे, योजनांचे अहवाल, काँग्रेसमधील भाषणे यांतून देशाचे एक अधिकृत वर्णन सतत तयार होत असे. त्या वर्णनात जे नाही ते सार्वजनिक अर्थाने अस्तित्वातच नाही, अशी स्थिती होती. १९७४ साली युलिअन कोर्नहाउझर आणि आदाम झागायेव्स्की ह्या दोन तरुण कवींनी 'अप्रस्तुत जग' अशा अर्थाच्या शीर्षकाचे समीक्षाग्रंथरूप आवाहन प्रसिद्ध केले. आपल्या साहित्याने रूपके, पुराणे आणि इतिहास यांचा आश्रय घेतला आणि भोवतालचे साधे वर्तमान जग अनामिकच राहिले, हा त्यांचा आक्षेप होता. किश्लोव्स्कीचे त्या दशकातील अनुबोधपट ह्या आवाहनाला समांतर आहेत. ज्याचे वर्णन झालेले नाही त्यात जगणे कठीण असते. आपल्या अनुभवाला बाहेर कोठेच आधार सापडत नाही, असे तो पुढेही सांगत राहिला. साहित्यसमीक्षेतील एक मागणी आणि चित्रपटातील एक प्रथा यांचा असा मेळ क्वचितच पडतो.

परंतु हे वर्णन करायचे ते राज्याच्याच साधनांनी. वॉर्सातील अनुबोधपटनिर्मितीगृह सरकारी होते; कच्ची फिल्म, संकलनकक्ष, प्रदर्शन, सारे सरकारचे. सेन्सॉरचे कार्यालय १९९०पर्यंत अस्तित्वात होते. पाहणारा आणि ज्याच्याविषयी पाहायचे ती सत्ता, दोघेही एकाच छपराखाली होते. ह्या विसंगतीने पुढच्या सर्व प्रश्नांना जन्म दिला.

३

आरंभीच्या अनुबोधपटांची रीत एकच आहे : एखादी लहान संस्था निवडायची आणि तिच्यातून मोठ्या व्यवस्थेचे दर्शन घडू द्यायचे. 'कार्यालय' (१९६६) ह्या विद्यार्थिदशेतील चित्रपटात निवृत्तिवेतनाची खिडकी आहे. बाहेर वृद्ध माणसे, आत कारकून. आणि संपूर्ण आयुष्यात काय काय केले ते लिहून द्या, ही मागणी पुन्हा पुन्हा ऐकू येते. 'कारखाना' (१९७०) मध्ये उर्सुस येथील ट्रॅक्टर कारखान्यातील व्यवस्थापकांची बैठक आणि कामगारांचे काम आलटून पालटून येते. बोलणे आणि करणे यांतले अंतर ह्या मांडणीतूनच उघड होते. 'इस्पितळ' (१९७६) मध्ये शस्त्रवैद्यांची बत्तीस तासांची पाळी आहे. उपकरणे तुटतात, हाडांवर चक्क हातोडी चालवावी लागते, तरी माणसे आपले काम नेटाने करतात. ह्या पटांत सत्तेवर थेट टीका नाही. सत्तेने न सांगितलेले सांगणे एवढेच आहे, आणि तेच पुरेसे आहे.

साक्षीचा साक्षीदार कसा होतो ह्याचा पहिला धडा 'कामगार १९७१' ह्या पटाच्या वेळी मिळाला. डिसेंबर १९७०मध्ये बाल्टिक किनाऱ्यावरील शहरांत संपकरी कामगारांवर गोळीबार झाला, गोमुल्का गेले आणि गिएरेक आले. बदललेल्या हवेत कामगारांना नेमके काय वाटते, हे टिपण्यासाठी किश्लोव्स्की, तोमाश झिगाद्वो आणि त्यांचे सहकारी देशभर फिरले. माणसे मोकळेपणाने बोलली. पुढे संकलनकक्षातून ध्वनिफिती नाहीशा झाल्या, काही दिवसांनी परत आल्या, आणि त्या 'रेडिओ फ्री युरोप'ला पोचवल्याच्या संशयावरून किश्लोव्स्कीची चौकशी झाली. चित्रपट त्याच्या मनाप्रमाणे दाखवला गेला नाही; दूरचित्रवाणीने त्याची बदललेली आवृत्ती दाखवली. विश्वासाने दिलेला आवाज दिग्दर्शकाच्या ताब्यात राहत नाही, तो कोणाच्याही हाती पडू शकतो, ही गोष्ट येथे लक्षात घेण्याजोगी आहे. सेन्सॉर चित्रपट कापतो तेव्हा हानी कलावंताची होते. पोलीस ध्वनिफीत ऐकतात तेव्हा ती बोलणाऱ्याची होते.

'जीवनवृत्तांत' (१९७५) मध्ये ह्या अडचणीवर एक विलक्षण तोड काढलेली दिसते. पक्षाच्या नियंत्रण-समितीपुढे एका सभासदाची चौकशी चालली आहे. समिती खरी आहे, तिचे सभासद खरे आहेत, त्यांची प्रश्न विचारण्याची रीत खरी आहे. ज्याची चौकशी होते त्याचे चरित्र मात्र रचलेले आहे, जरी ते काम करणाऱ्या व्यक्तीच्या स्वतःच्या आयुष्याला जवळचे आहे. चौकशीला खऱ्या माणसाचा बळी न देता चौकशीचे सत्य दाखवता येते, हा ह्या मिश्रणाचा अर्थ. पक्षाचे सहकार्य घेतल्याबद्दल किश्लोव्स्कीला त्या वेळी दोष दिला गेला. आज पाहता ध्यानात येते ते असे की, कल्पिताचा प्रवेश येथे अलंकरणासाठी झालेला नाही. संरक्षणासाठी झाला आहे.

'पहिले प्रेम' (१९७४) मध्ये उलट टोक दिसते. एका अगदी तरुण जोडप्याच्या आयुष्यात गरोदरपणापासून बाळाच्या जन्मापर्यंत कॅमेरा उपस्थित आहे. ह्यात पोलीस शिपाई घरी येऊन वास्तव्याच्या नोंदीविषयी विचारपूस करतो, तो प्रसंग दिग्दर्शकाने घडवून आणलेला होता. जोडप्याची भीती खरी, तिचे कारण योजलेले. वास्तवातील नाट्य बाहेरून रचू नये, हा सिद्धांत येथे व्यवहारात मोडतो. आणि मोडतो तो भाबड्या, जिवंत माणसांवर. दिग्दर्शकाने हे उघडपणे सांगितले आहे; परंतु सांगण्याने प्रश्न मिटत नाही.

'रात्रपाळीच्या दरवानाच्या दृष्टिकोनातून' (१९७७) हा ह्या सर्व पटांत सर्वांत प्रसिद्ध आणि सर्वांत अस्वस्थ करणारा. कारखान्याचा दरवान मारिआन ओसुख नियम, नियंत्रण आणि कठोर शिक्षा यांवरील आपले प्रेम निःसंकोच सांगत जातो. माणूस खलनायक नाही; कोणत्याही एकाधिकारशाहीला लागणारी साधी, कर्तव्यदक्ष वृत्ती त्याच्या रूपाने बोलते. पूर्व जर्मनीतील ऑर्वो फिल्मचे विकृत रंगसुद्धा ह्या परिणामासाठी हेतुपुरस्सर वापरलेले आहेत. चित्रपट महोत्सवांत गाजला; परंतु पोलिश दूरचित्रवाणीवर तो दाखवला जाण्यास स्वतः किश्लोव्स्कीने विरोध केला, कारण शेजारीपाजारी आणि सहकारी त्याला पाहून दरवानाला हसतील, त्याचे जगणे कठीण करतील. सेन्सॉरशी झगडणारा दिग्दर्शक येथे आपणहून आपल्या कृतीचा सेन्सॉर होतो. ही घटना विरोधाभासाची म्हणून सोडून देता येत नाही. सत्य सांगण्याचा हक्क आणि सत्याने दुखावल्या जाणाऱ्या माणसाचा हक्क हे दोन्ही एकाच वेळी मान्य केले की हा विरोधाभास अटळ होतो.

४

'आमातोर' म्हणजे 'हौशी' (१९७९) हा कथापट ह्या अनुभवाचे पहिले सैद्धांतिक विवेचन होय. लहान गावातील फिलिप मोश (यर्झी श्टूर) आपल्या नवजात मुलीचे चित्रण करण्यासाठी कॅमेरा विकत घेतो. कारखान्याचा संचालक त्याला संस्थेच्या समारंभाचे चित्रण करायला सांगतो. मग हौशी पटांचे महोत्सव, दूरचित्रवाणी, प्रसिद्धी. दिग्दर्शक क्शिश्तोफ झानुस्सी त्यात स्वतःच्याच भूमिकेत येतो. फिलिप गावातले खरे दाखवू लागतो आणि त्याच्या एका पटाचा परिणाम म्हणून त्याच्या पाठीशी उभा राहिलेल्या ज्येष्ठ सहकाऱ्याची, ओसुखची, नोकरी जाते. दरवानाचेच आडनाव येथे पुन्हा यावे, हा योगायोग असो वा नसो, अर्थपूर्ण आहे. दाखवलेल्या गोष्टींमागे दुसरीही कारणे असू शकतात, हे फिलिपला उशिरा कळते. वीटभट्टीवरचे चित्रीकरण तो डबा उघडून, प्रकाशात धरून नष्ट करतो. शेवटी तो कॅमेरा स्वतःकडे वळवतो आणि आपली हकिकत अगदी आरंभापासून सांगू लागतो. ज्याची संमती निश्चित आहे अशी एकच व्यक्ती जगात असते, ती म्हणजे आपण स्वतः. मॉस्को महोत्सवात १९७९ साली ह्या चित्रपटाला सर्वोच्च पारितोषिक मिळाले. हा शेवट आत्मशोधाचा म्हणून वाखाणला जातो. त्यातली कोंडी तितकीच महत्त्वाची आहे.

ही कोंडी पूर्ण झाली ती 'रेल्वेस्थानक' (१९८०) ह्या अनुबोधपटाच्या वेळी. वॉर्साच्या मध्यवर्ती स्थानकावर रात्री चित्रीकरण चालले होते : वाट पाहणारी माणसे, उशिरा येणाऱ्या गाड्या, सामानाच्या कपाटांजवळ गोंधळलेले प्रवासी. एका रात्री पोलिसांनी निगेटिव्ह ताब्यात घेतली. एका मुलीने आपल्या आईचा खून करून देहाचे तुकडे स्थानकावरील सामानकपाटांत ठेवले होते आणि ती कॅमेऱ्यात आली असावी असा त्यांचा तर्क होता. ती आली नव्हती. परंतु आली असती तर? दिग्दर्शकाची इच्छा वा अनिच्छा यांचा काही संबंधच उरला नसता. त्याला ठाऊकही नसताना तो साक्षीदार झाला असता. गुन्हा अमानुष होता, पोलिसांची मागणी ह्या वेळी अन्याय्य म्हणता येणार नव्हती. म्हणूनच हा प्रसंग १९७१च्या प्रसंगाहून अधिक मूलगामी ठरतो. दोष केवळ दुष्ट सत्तेचा नाही, कॅमेऱ्याच्या स्वरूपातच तो आहे, हे येथे स्पष्ट झाले. १९८८मधील एक छोटा अपवाद वगळता किश्लोव्स्कीने ह्यानंतर अनुबोधपट केला नाही.

एक प्रयत्न मात्र झाला, आणि तो ह्या विषयावर फार वेगळा प्रकाश टाकतो. १३ डिसेंबर १९८१ रोजी पोलंडमध्ये लष्करी कायदा पुकारला गेला. राजकीय खटल्यांत आरोपी आणि न्यायाधीश यांचे चेहरे टिपावेत ह्या हेतूने किश्लोव्स्कीने न्यायालयात चित्रीकरणाची परवानगी मिळवली. वार्ताहर-लेखिका हाना क्राल हिच्यामार्फत त्याची ओळख वकील क्शिश्तोफ पिएशेविच याच्याशी झाली. थोड्याच दिवसांत असे दिसून आले की, कॅमेरा उपस्थित असला की न्यायाधीश शिक्षा सुनावण्याचे टाळतात. आपला चेहरा ह्या कृत्याशी कायमचा जोडला जावा असे त्यांना वाटत नव्हते. मग वकील आपल्या खटल्याला कॅमेरा यावा म्हणून आग्रह धरू लागले, आणि कित्येकदा कॅमेऱ्यात फिल्म न घालताच तो उभा केला गेला. साक्षीदाराच्या शक्तीचे हे उपकारक रूप. परंतु चित्रपटाच्या दृष्टीने निष्पत्ती शून्य होती : ज्या घटनेचे चित्रण करायचे ती घटनाच कॅमेऱ्यामुळे घडत नव्हती. अनुबोधपटाचा हा सर्वांत यशस्वी क्षण. आणि त्या क्षणी चित्रपट अस्तित्वातच नव्हता.

५

ह्या पार्श्वभूमीवर कथापटाकडे वळण्याचा अर्थ निराळा होतो. व्याकरणाच्या परिभाषेत सांगायचे तर अनुबोधपट 'स्वार्थ' जाणतो : अमुक झाले, अमुक होते. 'संकेतार्थ' त्याला वर्ज्य आहे : असे झाले असते तर तसे झाले असते. १९८१मध्ये पूर्ण झालेला 'प्शिपादेक' म्हणजे 'योगायोग' हा सर्वस्वी संकेतार्थाचा चित्रपट आहे. लोड्झच्या स्थानकावर वितेक गाडीमागे धावतो. पहिल्या शक्यतेत ती त्याला मिळते आणि तो पक्षाचा कार्यकर्ता होतो; दुसऱ्या शक्यतेत रखवालदाराशी झटापट होऊन अखेर तो भूमिगत विरोधकांत जातो; तिसऱ्या शक्यतेत गाडीही नाही आणि राजकारणही नाही, तो डॉक्टर म्हणून जगतो आणि विमान-अपघातात मरतो. तिन्ही वितेक सारखेच प्रामाणिक आहेत. ज्या समाजात माणसाची परीक्षा त्याच्या पक्षावरून होत होती, तेथे हे म्हणणे दोन्ही बाजूंना रुचणारे नव्हते. चित्रपट १९८७पर्यंत अडवून ठेवला गेला. दरवानाबद्दल जी करुणा अनुबोधपटात दिग्दर्शकाला चित्रपटाबाहेर, प्रदर्शन रोखून, व्यक्त करावी लागली, ती येथे रचनेच्या आत आली आहे.

'बेझ कोंत्सा' म्हणजे 'अंत नाही' (१९८५) हा पिएशेविचबरोबर लिहिलेला पहिला चित्रपट न्यायालयातील त्या फसलेल्या अनुबोधपटातून जन्मला. लष्करी कायद्याच्या काळातील वकील आरंभीच मेलेला आहे. तो आपल्या पत्नीकडे आणि अर्धवट राहिलेल्या खटल्याकडे केवळ पाहत राहतो. मृत माणूस हा शुद्ध साक्षी : तो पाहतो, पण त्याला कोणी साक्षीला बोलावू शकत नाही. शासन, विरोधक आणि चर्च ह्या तिघांनीही चित्रपटावर टीका केली, ह्यावरून तो कोणाच्याही बाजूचा साक्षीदार व्हायला तयार नव्हता एवढे तरी सिद्ध होते.

'डेकालोग' (१९८८–८९) मध्ये वॉर्सातील एका गृहसंकुलात दहा कथा घडतात आणि बहुतेक कथांत एक तरुण निःशब्द येऊन जातो : कधी गोठलेल्या तळ्याकाठी शेकोटीशी बसलेला, कधी रस्त्याच्या मोजणीवरील कामगार. तो पाहतो, हस्तक्षेप करीत नाही. त्याला देवदूत, नियती, ईश्वराचा डोळा असे अनेक अर्थ लावले गेले आहेत. किश्लोव्स्कीच्या पूर्वायुष्याकडे पाहता त्यात काराबाशच्या शिष्याचे, म्हणजे भाष्य न करता धीराने पाहणाऱ्या अनुबोधपटकाराचे, रूप ओळखणे मला अधिक सयुक्तिक वाटते. फरक इतकाच की ह्या साक्षीजवळ कॅमेरा नाही; त्याने पाहिलेले कोणीही जप्त करू शकत नाही.

कॅमेरा जेथे जाऊ शकत नाही, वा जाऊ नये, तेथे कल्पित जाते हे पाचव्या भागातून आणि त्याच्या दीर्घ आवृत्तीतून, 'हत्येविषयी एक लघुपट' (१९८८) मधून, सर्वांत तीव्रतेने जाणवते. एका तरुणाने टॅक्सीचालकाचा केलेला खून आणि राज्याने त्या तरुणाला दिलेली फाशी, दोन्ही सारख्याच चिकाटीने दाखवली आहेत. फाशीच्या खोलीचा अनुबोधपट अशक्य होता, आणि शक्य असता तर असह्यपणे अनैतिक झाला असता. पोलंडमधील अखेरची फाशी एप्रिल १९८८मध्ये झाली आणि १९९८मध्ये अमलात आलेल्या नव्या दंडसंहितेत मृत्युदंड राहिला नाही. चित्रपटामुळे कायदा बदलला, असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. परंतु सार्वजनिक जीवनाशी त्याचा संबंध 'कारखाना' वा 'इस्पितळ' यांपेक्षा दुर्बळ नव्हता, एवढे निश्चित.

६

खऱ्या अश्रूंची आपल्याला भीती वाटते, ते टिपण्याचा आपल्याला हक्क आहे की नाही हे कळत नाही, कथापटात निदान ग्लिसरीन तरी असते, अशा आशयाचे किश्लोव्स्कीचे उद्गार प्रसिद्ध आहेत. स्लावोय झिझेक याने २००१मधील आपल्या पुस्तकाचे शीर्षक ह्याच उद्गारांवरून घेतले. आपल्या अंतरंगाच्या गाभ्याशी मुखवट्यावाचून जाता येत नाही, म्हणून कल्पित हे सत्याचेच अटळ रूप आहे, असे मनोविश्लेषणाच्या अंगाने त्याचे प्रतिपादन आहे. ते मर्मग्राही आहे. परंतु त्यात इतिहास विरळ होतो. चोरीस गेलेल्या ध्वनिफिती, रोखून धरलेला दरवानाचा पट, जप्त झालेली निगेटिव्ह, फिल्म न घातलेला कॅमेरा ह्या घटनांची साखळी पाहिली म्हणजे अश्रूंची भीती केवळ मानवी अंतरंगाविषयीची राहत नाही. विशिष्ट देशात, विशिष्ट वर्षांत, अश्रू ढाळणाऱ्या माणसाचे पुढे काय होईल ह्याची ती भीती होती.

ह्या दृष्टीने अखेरचे चित्रपट पाहिले तर पलायनाचा आक्षेप बराच बोथट होतो. 'डेकालोग'च्या सहाव्या भागातील तरुण चोरलेल्या दुर्बिणीतून समोरच्या घरातील स्त्रीला पाहतो. दीर्घ आवृत्तीच्या शेवटी तीच स्त्री त्या दुर्बिणीतून आपल्या खोलीकडे पाहते आणि तिला आपले एकाकीपण दिसते. पाहिल्या गेलेल्या व्यक्तीला पाहण्याचे साधन परत देणे, ही गोष्ट अनुबोधपटात साध्य झाली नव्हती. 'तीन रंग : लाल' (१९९४) मधील निवृत्त न्यायाधीश शेजाऱ्यांची दूरध्वनिसंभाषणे चोरून ऐकतो. सत्य त्याच्या हाती आहे आणि त्याचा कोणालाही उपयोग नाही. 'कामगार १९७१'च्या ध्वनिफितींची आठवण येथे अपरिहार्य आहे. 'व्हेरोनिकचे दुहेरी जीवन' मध्ये क्राकूवच्या चौकातील निदर्शनांच्या गर्दीत फ्रेंच तरुणी बसमधून छायाचित्रे घेते आणि त्यांत नकळत तिचे पोलिश प्रतिरूप सापडते. ते तिला फार उशिरा कळते. घेणाऱ्याला ठाऊक नसलेले कॅमेरा टिपून ठेवतो, ही 'रेल्वेस्थानक'ची भीती येथे कृपेत रूपांतरित झाली आहे.

आक्षेपात तथ्य नाही असे नव्हे. हा चित्रपट आणि 'तीन रंग : निळा' (१९९३) यांत माणसे कशावर जगतात, भाडे कसे भरतात, वरिष्ठांना कसे सामोरे जातात हे जवळजवळ दिसत नाही. 'कार्यालय'च्या खिडकीपुढील वृद्धांना ह्या जगात जागा नाही. व्हेनिसचा सुवर्णसिंह आणि कानचा गौरव यांच्याबरोबर आलेली सौंदर्यपूर्ण तकाकी ही एक किंमत आहे. 'तीन रंग : पांढरा' (१९९४) मधील नव्या बाजारव्यवस्थेतील वॉर्साचे बोचरे चित्रण पाहता, वर्णनाची जुनी शक्ती दिग्दर्शकाजवळ शाबूत होती आणि तिला अधिक वाव मिळावयास हवा होता, असे वाटल्यावाचून राहत नाही. १९९४मध्ये त्याने निवृत्ती जाहीर केली. १३ मार्च १९९६ रोजी हृदयशस्त्रक्रियेनंतर वॉर्सात त्याचे निधन झाले. तेव्हा तो चौपन्न वर्षांचा होता.

वाङ्मयविचाराच्या दृष्टीने ह्या कारकीर्दीतून निघणारा निष्कर्ष असा. कल्पित आणि वृत्तांत यांतला भेद आपण सत्याच्या प्रमाणावरून करतो : वृत्तांतात सत्य अधिक, कल्पितात कमी. किश्लोव्स्कीच्या उदाहरणावरून हा भेद उत्तरदायित्वाच्या दिशेवरून करावा लागतो. वृत्तांत वाचकाला किंवा प्रेक्षकाला उत्तरदायी असतो. दाखवल्या गेलेल्या माणसालाही तो उत्तरदायी असावा अशी मागणी केली की त्याच्या मर्यादा उघड होतात आणि कल्पिताची आवश्यकता सिद्ध होते. आपल्याकडील आत्मकथनांच्या चर्चेत प्रांजळपणा आणि धीटपणा यांचे मोल केले जाते. त्यांत आलेल्या आप्तांच्या, शेजाऱ्यांच्या संमतीचा विचार क्वचितच होतो. तो केल्याने ह्या लेखनाचे मोल कमी होणार नाही. उलट, अप्रस्तुत जग प्रस्तुत करण्याची गरज आणि प्रस्तुत होणाऱ्याचा नकाराधिकार ह्या दोन्ही गोष्टी एकदम सांभाळताना लेखकाला काय मोजावे लागते, ह्याचा हिशेब तरी समीक्षेला मांडता येईल.